मुक्या सोंगाड्याची हजेरी

नव्वदचं दशक सरता सरता घशाचं ऑपरेशन झालं आणि आमच्या तमाशातल्या सोंगाड्याचा आवाज गेला. कायमचा. मी त्याचा जोडीदार, तमाशातला सरदार. बतावणीत मी विचारायचं, त्यानं तिरकस उत्तर द्यायचं आणि पब्लिकनं तंबू डोक्यावर घ्यायचा, यावर आमच्या दोघांच्या चुली पेटायच्या. मालक म्हणाले, "मुका सोंगाड्या कुणाला पायजे? अवसरीच्या जत्रंत सकाळच्या खेळाला, हजेरीला, एकदा उभा करू. लोकांनी घेतला तर ठीक, न्हाईतर घरी बसवू."

जत्रेच्या आधी मंचरच्या एका कॉलेजात आम्हा दोघांना पाहुणे म्हणून बोलावलं होतं. पुण्याच्या एका सरांनी मुका सिनेमा आणला होता, पोलंडचा. पोलंड कुठं आलं, देव जाणे! दिवे मालवले, चित्रं हलायला लागली आणि पोरं ओरडली, "आवाज द्या, आवाज!" सर हसले. म्हणाले, याला आवाज नाहीच. मग त्यांनी त्यातल्या नटाची हकिगत सांगितली. गरिबाघरचा गडी. आमच्यासारखाच गावोगाव नाटकं करत हिंडलेला. आवाज असा खणखणीत, की शेवटच्या बाकावर डुलक्या घेणारा दचकून उठायचा. नाव झालं, आणि सिनेमा आला. पडद्यावर त्या आवाजाचा काडीचा उपयोग नाही! मग पिकल्या वयात हा बाबा पहिल्यापासून शिकला, नजरेनं बोलायला, पाठीनं बोलायला.

पडद्यावर तो बायकोला पुरून घरी आला. टेबलावर दोन ताटल्या मांडल्या. थबकला. एक उचलली, सदऱ्याला पुसली आणि फळीवर ठेवून दिली. बस्स, एवढंच. आईशप्पथ सांगतो, उभ्या जन्मात बडबडून मी एवढं बोललो नसेन!  शेजारी बसलेल्या आमच्या सोंगाड्यानं माझं मनगट असं आवळलं होतं, की पार घरी येईस्तोवर दुखत होतं.

अवसरीला हजेरीच्या वेळी ऊन चढलं होतं. मी विचारलं, "काय रं गड्या, आज लई गप?" त्यानं तोंड उघडलं. झालं! "आवाज! माईक बंद हाय!" चहूकडून गिल्ला. 

त्यानं माईक हलवला, कानाला लावला. आवाज हरवलाय म्हणून खिसे चाचपले, ढोलकीत डोकावला, माझा फेटा उचलून आत बघितलं. हसून हसून लोकांची पुरेवाट! मग त्यानं गळ्याचा गमछा सोडला. टाक्यांचे वण दिसले. हसू जागच्या जागी विरलं. त्यानं गळ्यावरून हळूच हात फिरवला, मूठ मिटली आणि समोरच्या माणसांवर ती उघडली.

अख्खी जत्रा चिडीचूप. मला तर भीतीच वाटली. सरदारानं अशी शांतता ठेवायची नसते, म्हणून पुढं होऊन मी सुरू केलं, "तर मंडळी, ह्यो म्हंतोय की..."

"ओ मास्तर!" मागून एक म्हातारा गरजला. "तुमी गप बसा की राव. त्यो बोलतोय नव्हं!"