कागदावरचा डायवर

मार्चचं ऊन सकाळी आठलाच पाठ भाजत होतं. ही वेळ लडकूची सुताला खळ देणाऱ्या सायझिंगच्या दारातली. सूत गुंडाळलेले बीम टेम्पोत चढवायचे, दोरानं आवळायचे आणि यंत्रमागांच्या, लूमच्या गल्ल्यांत शिरायचं. आज बावीस दिवस झाले, बीम दुसऱ्याच्या गाडीतून जात होते आणि लडकू हात हलवत वकिलाच्या पायरीवर बसला होता.

गुन्हा त्याचा नव्हता. दापोड्याच्या गोडाऊनमधून सुताच्या गोणी न्यायला कुणी बोलावलं, त्यानं नेल्या. माल चोरीचा निघाला. बोलावणारा पळाला, लडकू साक्षीदार झाला आणि पोलिसांनी जप्त केलेला टेम्पो मुद्देमाल.

टेम्पो त्यानं पंच्याऐंशी साली फखरुद्दीन लूमवाल्याकडून घेतला. पैसे कधीच फेडून झाले. फखरुद्दीननं सही करून दिलेला नाव बदलायचा फॉर्म मात्र गाडीच्या पुस्तकात घडी घालून तसाच राहिला. त्यासाठी ठाणे शहरातल्या आरटीओत जायचं, म्हणजे दिवस बुडणार. त्याच्या वळ गावात निम्म्या गाड्या अशा शब्दावरच चालत. बायको, सरला, दर दिवाळीला म्हणायची, "नाव करून घ्या." हा म्हणायचा, "करू."

"गाडी सुपुर्दनाम्यावर सुटेल," दत्तोपंत वकील म्हणाले. "केस चालू असेपर्यंत मालकाच्या ताब्यात. पण मालक म्हणजे पुस्तकात नाव असेल तो."

"मंग आजच नाव बदलतो."

"बदलायला गाडी आरटीओला दाखवावी लागते. गाडी कुठाय?"

"म्हंजी नाव बदलाया गाडी पायजे, न् गाडी सोडवाया नाव पायजे. कुनाच्या बापानं केला हा कायदा?"

"त्याचा पत्ता माझ्याकडे नाही. तू फखरुद्दीनला घेऊन ये. आणि आत गेल्यावर तोंड बंद ठेव."

फखरुद्दीन आला. लूम सोडून, एका शब्दावर आला. कोर्टात साहेबांनी विचारलं, "गाडी तुमची?"

त्यानं लडकूकडे पाहिलं. "जी. कागदावर माझीच आहे."

"आणि हा?"

सहा वर्षं लडकूनंच ती गाडी सांभाळली होती. इंजिन दोनदा उतरवलं होतं त्यानं. हौद्याच्या फळ्या स्वतः ठोकल्या होत्या.

"डायवर," तो म्हणाला.

अटी वाचून दाखवल्या. गाडी विकायची नाही, नावावरून काढायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावलं की हजर करायची. खाली सही फखरुद्दीनची. उद्या काही झालं तर धरणार त्यालाच, म्हणून त्याच्यावर चिडायचीही सोय नव्हती.

पोलीस ठाण्याच्या आवारात हवालदारानं किल्ली फखरुद्दीनच्या हातात ठेवली. लडकूनं बॉनेट उघडलं. बॅटरी नव्हती.

"आणली तेव्हाच नव्हती," हवालदार म्हणाला. "पंचनाम्यात बघ. बॅटरीचं नावच नाही."

"मीच चालवत आनली ना. तुमी बाजूला बसला व्हता, बिडी ओढत. बॅटरीबिगर आली ती, तुमच्या बिडीवर?"

"ए, मालकाशी बोलतोय मी. ड्रायव्हरला समजावा, शेठ."

लडकूनं बॉनेट असं आपटलं की झाडावरचे कावळे उडाले. फखरुद्दीननं दंड धरून त्याला बाहेर काढलं आणि किल्ली त्याच्या मुठीत दाबली.

"लडकू, केस संपेल त्या दिवशी दोघं आरटीओत जाऊ. पहिलं काम ते."

"कवा संपंल?"

फखरुद्दीननं सोबत आलेल्या वकिलाकडे पाहिलं. दत्तोपंत चष्मा पुसत होते. "पळालेला सापडू दे आधी," ते म्हणाले.

उसनी बॅटरी घालून टेम्पो दुपारी वळ गावात आला. सरला दारात उभी होती.

"सुटली?"

"फखरूभायची सुटली."

ती पाण्याचा तांब्या आणायला आत गेली. ती नावाचं बोलली असती तर बरं झालं असतं. भांडता तरी आलं असतं. तो धुमसत गाडीभोवती फिरला. उभं राहून राहून मागच्या डाव्या चाकाची हवा उतरली होती. त्यानं सीटखालून जॅक काढला, दगड लावून पुढची चाकं अडवली आणि पाना घेऊन नट सैल करायला बसला.