आवळलेली मूठ

माझे दोन्ही पाय आज धड आहेत ते बंदरात क्रेनला हातानं खुणा करणाऱ्या अण्णांमुळं. "जेवलात का, अण्णा?" म्हटलं तरी ते नुसता तळवा हलवायचे.

शाळा सोडून आळंदहून मुंबईला आलेला मी, जहाजाच्या तळात पोत्यांमध्ये पाय अडकून उभा होतो. डोक्यावर क्रेनचं पोत्यांनी भरलेलं जाळं खाली यायलं होतं. अण्णांनी मूठ आवळली, तशी क्रेन थांबली.

"मूठ सोड, खोळंबा होतोय," मुकादम ओरडला.

"गडी निघू दे."

अण्णांनी हात वरच ठेवला, मूठ उघडली न्हाई. मी निघाल्यावर म्हणाले, "पोत्यात पायपण शिवलास काय रे?"

आता नव्या क्रेनी आल्यात, खुणावाल्यांना घरी बसवायलेत. अण्णांची पाळी आली, की बंदराच्या फाटकावर कामगारांच्या मोर्चात त्यांच्यासाठी माझी मूठ वर जाईल. कुणीबी ओरडू दे, ती मी सोडणार न्हाई.