माय वाइफ इज लेट

न्यूझीलंडमधल्या लोअर हटच्या टॅक्स ऑफिसात माझ्यापासून एक खुर्ची सोडून बसलेले आजोबा मराठी निघाले. वारलेल्या बायकोच्या इस्टेटीचं रिटर्न भरायला त्यांना मुदतवाढ हवी होती. नंबर आल्यावर मफलर सारखा करत ते काउंटरवर म्हणाले, "माय वाइफ इज लेट."

तिथल्या किवी पोरीला वाटलं, बायकोला यायला उशीर होतोय. "नो वरीज," ती हसली, "वुई विल वेट फॉर हर."

आता हे खुलासा करतील, असं मला वाटलं. ते मात्र स्वप्नात चालल्यासारखे परत आले.

"सगळे म्हणतात, सावरा आता," ते पुटपुटले. "वाट बघू म्हणणारी ही पहिलीच. तुमची बॅग जरा उचलता?"

मधल्या खुर्चीवरची बॅग मी मांडीवर घेतली. मग आम्ही दोघंही दाराकडे बघत बसलो.