फौजीचं एकच डिझाइन

वैशाखातल्या भर दुपारी देवपुरातल्या आमच्या घरात भोंगे वाजत होते. खरे नव्हेत, टीव्हीवरचे. सीमेवर गोळीबार सुरू होऊन चार दिवस झाले होते आणि माझे थोरले बंधू नाना, ज्यांच्याने घरातली पालही मारवत नाही, रिमोटच्या टोकाने शत्रूची शहरे घेत सुटले होते. दुरून युद्ध किती देखणे दिसते! बलिदान, हौतात्म्य असे शब्द ऐकताच सोफ्यावर बसलेल्या माणसाच्याही अंगावर रोमांच उठतात, आणि त्या रोमांचांनाच आपण शौर्य समजतो. मीही समजत आलो आहे.

नानांचा मुलगा रवी त्याच सीमेवर होता. चार दिवस त्याचा फोन लागत नव्हता. वहिनींनी बिबड्यांच्या पापडांसाठी भिजवलेली ज्वारी तशीच आंबत पडली होती.

अशात नानांनी मोठ्या हौसेने फ्लेक्स करवून घेतला. फ्लेक्सवाला शिडी लावून तो फाटकावर बांधू लागला. वर ‘आम्हाला अभिमान आहे’, मध्ये गणवेशातला रवी, आणि फोटोच्या दोन्ही बाजूंना तेवत्या समया.

वहिनी पदराला हात पुसत बाहेर आल्या नि पाहतच राहिल्या.

“समया कोनी सांग्यात?”

“डिझाइनमध्येच येतात त्या...” नानांचा आवाज खाली आला.

“काकू, फौजीचं आमच्याकडे हे एकच डिझाइन आहे,” फ्लेक्सवाला गाठ मारता मारता सरळ मनाने म्हणाला. “आतापर्यंत ऑर्डरी तशाच आल्या ना!”

युद्धावरची जाडजूड पुस्तके मी वाचली आहेत. त्यांचा सारांश मला त्या शिडीवरून मिळाला.

वहिनींनी त्याच्याकडची कात्री मागून घेतली आणि दोरी कापली. “मना पोऱ्या जित्ता शे,” एवढेच म्हणाल्या. ती माहिती होती की नवस, कोण सांगणार?

तासाभराने फोन वाजला. क्रमांक अनोळखी. नाना त्याच्याकडे पाहत बसले. हात पुढे होईना. अखेर वहिनींनी उचलला. पलीकडून आवाज आला, “माय, मी बोली ऱ्हायनू.” वहिनींनी फोन नानांच्या हाती दिला.

नानांनी तो कानाला लावला. मग म्हणाले, “पानी पेत जाय रे.”

चार दिवस सैन्य हलवणाऱ्या सेनापतीला याहून मोठी आज्ञा सुचली नाही. त्या दिवसांत आमच्या घरातून सुटलेल्या सगळ्या आज्ञांत पाळण्याजोगी तेवढीच होती.