थोरल्या दिरावरचा दावा

फुलंब्रीच्या भागूबाईनं विहिरीच्या हिश्श्यासाठी थोरल्या दिरावर, नानासाहेबांवर, दावा लावला त्याला कैक वर्षं झाली होती. थोरल्या दिरासमोर पदर ढळू द्यायचा नाही आणि तोंड उघडायचं नाही, ही घरची रीत. ती तिनं भांडणातही मोडली नाही. जे बोलायचं ते वकिलाच्या तोंडून. तारखेला मात्र दोघं एकाच एसटीनं औरंगाबादला यायची. नानासाहेबांना ना बायको ना लेकरू, म्हणून त्यांची भाकरीही हीच बांधून आणायची आणि लेकाच्या, बद्रीनाथच्या, हाती पाठवायची.

ऐन थंडीत नानासाहेब गेले. मडकं कुणी धरायचं यावर माणसं घुटमळली, तेव्हा विधवा भागूबाईनं आपल्या एकुलत्या बद्रीनाथला पुढं केलं.

पुढच्या तारखेला अनंतराव वकील म्हणाले, "माणूस गेला म्हणून दावा लगेच संपत नाही. मुदतीत त्याचे वारस त्याच्या जागी उभे करावे लागतात, नाहीतर दावा पडतो. नानासाहेबांना वारस कोण?"

भागूबाईनं शेजारी उभ्या लेकाकडं पाहिलं. बद्रीनाथच्या मुंडण केलेल्या डोक्याकडं वकिलांची नजर गेली.

"सख्खा पुतण्याच वारस. म्हणजे आता दावा तुमच्या लेकावर," ते म्हणाले. "चालवायचा?"

"काढून घ्या."

बाहेर लिंबाखाली तिनं फडकं सोडलं, तर आत सवयीनं बांधलेली तिसरी भाकरी निघाली. ती हातात घेऊन भागूबाई बसून राहिली.

"लई भांडले रे त्यांच्याशी," ती लेकाला म्हणाली, "पण एक शब्द बोलले नाय."