स्वतःची वाक्यं विसरणारा शेबेस्ता

ओटाकार शेबेस्ता नट म्हणून चांगला होता, हे कबूल करायला मला वीस वर्षं लागली. मी आमच्या गावच्या थिएटरात प्रॉम्प्टर. रंगमंचाच्या पुढच्या खोक्यात बसायचं आणि नट अडला की त्याला पुढचं वाक्य पुरवायचं. तिथून माणसं बुटांपासून वर दिसतात. शेबेस्ताचे बूटच मला आवडत नसत. नेहमी नवेकोरे, चकाकणारे.

तो बाहुल्यांच्या खेळातून आमच्याकडे आला. आधी राजे केले, दारुडे केले, मग एका वर्षी नाटक लिहिलं, मग दुसरं, मग टीव्हीसाठी छोटे चित्रपट काढायला लागला. कम्युनिस्ट पक्षाच्या सरकारने आमचे भलेभले घरी बसवले होते त्या दिवसांत ह्यालाच बरी सगळी दारं उघडी. आमच्या थिएटरसाठी नाटकं निवडून ती घासूनपुसून देणारे नाट्यसंपादक वित कुद्रना सरकारच्या निषेधाच्या एका पत्रावर सही केली म्हणून लाँड्रीच्या बॉयलरमध्ये कोळसा घालत होते. त्यांचं नाव छापायलाही बंदी, आणि ह्याचं नाव एकाच पोस्टरवर तीनतीनदा. हा वर, पक्षाकडे, चहाड्या पोचवतो, असं मी मनाशी ठरवून टाकलं.

त्यात एक गोष्ट मला फार खटकायची. दुसऱ्याच्या नाटकात, तीन तासांच्या भूमिकेत, शेबेस्ता कधी अडला नाही. अडायचा तो फक्त स्वतःच्या नाटकात. आपलंच लिहिलेलं कुणी असं विसरतं? शिवाय ती वाक्यं कानावर पडली की मला कुद्रनांचं बोलणं आठवायचं. म्हणजे त्यांच्या जुन्या वह्या ह्याने लाटल्या असणार.

अठ्ठ्याहत्तर साली त्याच्या तिसऱ्या नाटकावर मोठा सिनेमा काढायचं ठरलं. कँटीनमध्ये सगळे बियरचे ग्लास घेऊन त्याच्याभोवती जमले होते.

"काय हो हेडविकाबाई, तोंड आंबट का?" मेकअपवाला रुडा मला म्हणाला.

"आंबट कशाला? सिनेमा त्यांना सोपाच जाईल. इथे त्यांची वाक्यं त्यांना मी सांगते. कुणाच्या वहीतून उतरवलीत कुणास ठाऊक."

सगळे हसले. शेबेस्ता हसला नाही. शेजारच्या टेबलावर पक्षाच्या जिल्हा कमिटीचा माणूस सॉसेज खात होता, तोही हसला नाही.

पंधरवड्यात सिनेमा थांबला. कमिटीने शेबेस्ताला बोलावून दोन दिवस एकच विचारलं, नाटकं कुणाची. "माझी," एवढंच तो म्हणत राहिला. त्याची नाटकं बंद केली आणि त्याला परत बाहुल्यांकडे धाडायचं ठरलं. मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. खसखशीचे कोलाचे, म्हणजे आमच्याकडचे गोड पाव, भाजून मी लाँड्रीत गेले.

"तुमचा चोर सापडला," मी कुद्रनांना म्हणाले.

त्यांनी फावडं भिंतीला टेकवलं. कोलाच्यांना हात लावला नाही.

"चोर कसला, बाई. मीच लिहून त्याला देत होतो, सात वर्षं. पानं चोरून, अगदी शेवटी हाती पडायची, पाठ करायला वेळ कुठला. नाव त्याचं. मानधन तो मला आणून द्यायचा आणि लोकांच्या शिव्या स्वतः खायचा. तो सिनेमाही माझाच होता."

"मग मला का नाही सांगितलंत?"

"सांगितलं असतं तर सात वर्षं टिकलं असतं का?"

"आता काय करणार?"

"आता कोळसा," ते म्हणाले आणि पाठ फिरवून कामाला लागले.

शेबेस्ताचा शेवटचा प्रयोग रविवारी होता. नाटक दुसऱ्या कुणाचं होतं, त्यामुळे तो एकदाही अडला नाही. पडदा पडल्यावर तो माझ्या खोक्यापाशी येऊन उकिडवा बसला. बूट प्रथमच इतक्या जवळून पाहिले. जुनेच होते, टाचा झिजलेल्या, फक्त रोज पॉलिश केलेले. मी माफी मागायला तोंड उघडलं, पण शब्द सापडेनात. त्याने ते पुरवले नाहीत.

"हेडविकाबाई," तो हळूच म्हणाला, "मी अडतो, हे फक्त माझ्या कानात सांगायचं होतं. तुमचं कामच ते."