आमचे मरणारे शेजारी

"गुड डाय?" जमिनीवर पडल्या पडल्या एक डोळा उघडून आमचे जपानी शेजारी विचारायचे. म्हणजे, छान मेलो ना? आपण "फर्स्ट क्लास!" म्हटलं की उठायचे, गुडघे झटकायचे आणि कमरेत वाकून नमस्कार करायचे.

इथे अमेरिकेत, अर्विंगमध्ये, आमच्या खालच्या मजल्यावर ते मुलीकडे राहायचे. गेल्या हिवाळ्यात ते गेले, तरी जिना उतरताना माझी नजर अजून त्यांच्या दाराकडे जाते. उभा जन्म त्यांनी जपानी मारधाडीच्या सिनेमांत काढला, आणि तोही मरण्यात. हिरोने तलवार फिरवली की जे दहाजण कोसळतात ना, त्यांतले एक हे. मेलेल्याने कॅमेऱ्याकडे पाठ करायची आणि हलायचं नाही, हा त्यांचा धर्म. एकदा नाकाला गांधीलमाशी चावली, तरी हे ढिम्म.

मंडळाच्या गणपतीत मी ऐतिहासिक नाटक बसवत होतो. नायक आमचे डॉक्टरकाका, रिटायर्ड हार्ट सर्जन. जन्मभर लोकांच्या छात्या उघडल्या, पण तलवार झाऱ्यासारखी धरायचे. क्लबहाऊसच्या काचेतून ती तालीम बघून आमच्या शेजाऱ्यांना राहवेना. ते आत आले, तलवारीपुढे उभे राहिले आणि असे काही मेले की डॉक्टरच दचकले.

"अरे, लागलं का यांना?"

"काका, तलवार त्यांच्यापासून दोन फूट लांब होती!"

"मग मी जोरात मारली असणार," डॉक्टर छाती फुगवून म्हणाले.

शत्रूचा सरदार तिथेच पक्का झाला.

प्रयोगाच्या आदल्या दिवशी ते सहा संत्री घेऊन माझ्या दारात उभे. सहा वर्षांच्या नातीला ते आपले सिनेमे दाखवायचे. ती विचारायची, "विच वन इज यू?" हे पडद्यावरची एक पाठ दाखवायचे. शेवटी ती म्हणाली होती, "ग्रँडपा, यू आर नॉट इन इट." हे त्यांना फार लागलं होतं.

"उद्या प्रेक्षकांकडे तोंड करून मरू का?" विचारताना त्यांचे कान लाल झाले.

"मरा की! बिनधास्त मरा!"

प्रयोगात ते मेले, ते काय मेले! पण पडताना पागोटं घसरलं आणि हनुवटीपर्यंत चेहरा झाकून बसलं. रंगमंचावर तीन प्रेतं, तिन्ही सारखी. डॉक्टरांचं भाषण सुरू झालं. इतक्यात दुसऱ्या रांगेत नात खुर्चीवर उभी राहिली.

"ममा, विच वन इज ही?"

विंगेत मला रडूच यायला लागलं. हा माणूस काही हलणार नव्हता.

आणि प्रेताचा हात उठला. त्याने पागोटं वर सरकवलं आणि नातीला टाटा केला.

"दॅट्स हिम! दॅट्स माय ग्रँडपा!"

अख्ख्या हॉलने उलट टाटा केला. डॉक्टर मात्र पार गोंधळले. "अजून जिवंत आहेस?" म्हणत धावून आले आणि त्यांनी आणखी एक वार केला. आजोबा आनंदाने पुन्हा मेले, तोंड प्रेक्षकांकडे, सगळे दात दाखवत.